निळू फुले म्हणजे नुसता खलनायक नव्हे

संपादक महोदय,

आपल्या रविवार पुरवणीत मराठी पडद्यावरच्या खलनायकांची यादी वाचली. पहिला नंबर निळू फुले यांचा आणि शेजारी वाड्यावर बोलावणारं ते घासून गुळगुळीत झालेलं वाक्य. मोबाइलवर पोरं दिवसभर हेच फिरवतात. वर्तमानपत्रानंही त्यांचीच री ओढावी, याचा राग आला.

निळूभाऊ चरित्र अभिनेते होते. ‘सामना’मधला हिंदुराव धोंडे-पाटील आठवा. दारूत बुडालेल्या मास्तरला तो घरी आणतो, खाऊपिऊ घालतो, गोड बोलतो. आवाज चढवायची त्याला गरजच पडत नाही. पण गायब झालेल्या मारुती कांबळेचा विषय निघाला, की त्याच गोडव्याखालची अस्वस्थता हळूहळू वर येते. समोर मास्तरच्या भूमिकेत डॉ. श्रीराम लागूंसारखा नट असूनही नजर हिंदुरावावरून हलत नाही. सत्ता, संस्था आणि मोठेपणा एकाच हातात आला की माणूस कसा होतो, हे आम्हा ऊसपट्ट्यातल्या लोकांना कुणी समजावून सांगायला नको. १९७५ साली हा चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता.

मग १९७९ चा ‘सिंहासन’. दिग्दर्शक ‘सामना’चेच जब्बार पटेल, पटकथा पुन्हा विजय तेंडुलकरांची. पण इथे निळूभाऊ दिगू टिपणीस नावाचे पत्रकार. बोलतात कमी, ऐकतात जास्त. पत्रकारांनी तरी ही भूमिका विसरायला नको होती! त्याआधी १९७२ मध्ये रंगभूमीवर ‘सखाराम बाइंडर’, पुढे १९८४ च्या ‘सारांश’मधला गजानन चित्रे. यादीत यातलं एकही नाव नाही.

साच्यातले सरपंच-पाटील त्यांनी ढिगानं केले, हे खरंच. निर्माते तेच मागत होते, घरही चालवायचं होतं. पण त्या भूमिका पाहून बायाबापड्या त्यांना खरोखर घाबरत, ही त्यांच्या कामाची पावती आहे. मूळचा हा माणूस पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करणारा, राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडलेला. टायमिंग लोकनाट्यात मुरलेलं. नारायणगावच्या तमाशाच्या राहुट्यांवर सुपारी द्यायला जाणाऱ्या आमच्या भागाला ती चीज लगेच ओळखू येते. पुढे नाव झाल्यावर डॉ. लागू, डॉ. नरेंद्र दाभोलकर यांच्यासोबत ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग करून त्यांनी सामाजिक कृतज्ञता निधी उभा केला. चळवळीतल्या कार्यकर्त्यांना दरमहा चार पैसे मिळावेत म्हणून.

१३ जुलै हा त्यांचा स्मृतिदिन. २००९ साली ते गेले. येत्या १३ जुलैला दिगू टिपणीसवर अर्धं पान द्या. आणि आमच्याकडच्या यात्रा कमिट्यांना विनंती, की तमाशा ठरवाच. पण एक रात्र पडदा लावून ‘सामना’ही दाखवा.

– एक वाचक, डिंगोरे (ता. जुन्नर, जि. पुणे)