घड्याळाखालचे दुकान

वहीपूजनाच्या दिवशी आपण नवी वही उघडतो. पुढे वर्षभर तिच्यात मालाची नोंद होते, उधारीची होते, व्याजाची होते; वेळेची मात्र होत नाही. गल्ल्यावर बसणाऱ्याचे तास नफ्यात विरघळून जातात. त्यांची वेगळी किंमत कोणी विचारत नाही आणि आपणही सांगत नाही. जवळजवळ दोनशे वर्षांपूर्वी अमेरिकेतील एका दुकानदाराने मात्र ही किंमत वेगळी काढून ग्राहकापुढे ठेवली होती.

त्याचे नाव जोसाया वॉरन. 1798 साली बोस्टन येथे जन्मलेला हा गृहस्थ वादक होता, कुशल कारागीरही होता. स्वस्त इंधनावर चालणाऱ्या दिव्याचा शोध लावून त्याने सिनसिनाटी शहरात चांगला जम बसवला होता. 1825 मध्ये तो रॉबर्ट ओवेन यांच्या ‘न्यू हार्मनी’ या सामायिक मालकीच्या वसाहतीत सहकुटुंब गेला. दोनच वर्षांत तो प्रयोग विस्कटला. सर्वांचे सर्व एकत्र केल्याने न्याय होत नाही, प्रत्येकाच्या श्रमाचा हिशेब स्वतंत्र हवा, हा धडा घेऊन वॉरन परतला आणि 1827 मध्ये त्याने सिनसिनाटीत ‘टाइम स्टोअर’ उघडले.

या दुकानात खरेदीची बिले सर्वांना दिसतील अशी लावलेली असत. मूळ किमतीवर घटतूट व इतर खर्चापोटी सुमारे 4 ते 7 टक्के आकारले जात. भिंतीवर घड्याळ होते. माल दाखविण्यात, मोजून देण्यात दुकानदाराची जितकी मिनिटे जात, तितक्या श्रमाची चिठ्ठी ग्राहक लिहून देई. सुतार सुतारकामाची देई, शिंपी शिवणकामाची. मालाची फेड पैशाने आणि वेळेची फेड वेळेने! घासाघीस आपोआप थांबली, कारण घासाघिशीची मिनिटेही ग्राहकाच्याच खाती पडत.

दुकान तीन वर्षे चालले. 1830 मध्ये वॉरनने ते बंद केले, ते बुडाले म्हणून नव्हे. हेच तत्त्व त्याला संपूर्ण वसाहतीत आजमावून पाहायचे होते. 1846 मध्ये त्याने ‘इक्विटेबल कॉमर्स’ हा ग्रंथ प्रसिद्ध केला. 1874 साली त्याचे निधन झाले.

सगळ्यांचा तास सारखाच मानावा काय, हा प्रश्न त्यालाही सुटला नव्हता. कष्टाच्या, किळसवाण्या कामाचा तास अधिक मोलाचा, असे तो पुढे मानू लागला. आपण व्यापारी आणखी एक हरकत घेऊ. नफा म्हणजे केवळ गल्ल्यावरची मिनिटे नव्हेत. पडून राहिलेल्या मालाची जोखीम, अडकलेले भांडवल, बुडालेली उधारी यांची भरपाई कोणत्या घड्याळाने करायची? ही हरकत रास्त आहे. वॉरनचे दुकान जसेच्या तसे आपल्या पेठेत चालणार नाही.

तरीही त्याचे घड्याळ मनातून जात नाही. तरुणपणी मी वडिलांच्या पेढीवर बसू लागलो, तेव्हा एक वृद्ध हमाल मजुरीसाठी आला. गल्ल्यात पैसे होते. पण मी मोठ्या गिऱ्हाइकाशी बोलत होतो, म्हणून त्याला थांबायला सांगितले आणि विसरलो. दिवेलागणीला वडिलांनी त्याला पायरीवर बसलेले पाहिले. त्यांनी मजुरी दिली आणि मला एवढेच विचारले, “याची दुपार कोणत्या खात्यात लिहिलीस?”

माझ्याकडे उत्तर नव्हते. देणे मी बुडवले नव्हते, वहीत एक पैसाही चुकला नव्हता. तरी त्या माणसाची एक दुपार मी फुकट वापरली होती. पैशासाठी तीनदा खेटे घालणारा लहान पुरवठादार, दुकान बंद झाल्यावरही थांबवून ठेवलेला नोकर, जेवणाचे ताट झाकून वाट पाहणारी घरची गृहिणी यांची मिनिटे आपण अशीच खर्चतो.

सामायिकाची 48 मिनिटे आपण काटेकोरपणे पाळतो. त्या वेळेत कोणी अडथळा आणलेला आपल्याला खपत नाही. दुसऱ्याच्या 48 मिनिटांनाही तेवढाच मान असावा. यंदाच्या नव्या वहीत शेवटचे एक पान कोरे ठेवावे आणि ज्यांचा वेळ आपण न विचारता घेतला, त्यांची नावे तेथे लिहावीत. ते देणे व्याजासह फेडता येणार नाही. निदान वाढू तरी देऊ नये.