चोराच्या खिशातला फोन



आई निपाणीत एकटी असते, मी बेंगळूरुला. म्हणून गेल्या वर्षी घराला सीसीटीव्ही बसवला. रात्री त्याचं चित्र काळं-पांढरं होतं आणि आवाज येत नाही. म्हणजे मूकपटच की!

पावसाळ्यातली गोष्ट. रात्री पावणेबाराला मोबाईलवर सूचना आली. बघतो तर डोक्यावर पोतं घेतलेला एक माणूस फाटकाची कडी काढून आत येतोय. आईला तीनदा फोन लावला. उचलेना. हातपाय गार पडले.

डोळ्यांसमोर आला 'सस्पेन्स', १९१३ सालचा दहा मिनिटांचा अमेरिकन मूकपट. लोइस वेबर यांनी तो फिलिप्स स्मॉली यांच्यासोबत दिग्दर्शित केला आणि नायिकाही त्याच. आडबाजूच्या घरात तान्ह्या बाळाबरोबर एकटी बाई, घरात शिरणारा भटक्या आणि दूर ऑफिसात फोनवर नवरा. पडद्याचे तिरके तीन भाग करून हे तिघं एकाच वेळी दाखवलेत. मग भटक्या फोनची तार कापतो. नवरा वेळेवर पोचतो खरा, पण तोवर आपला जीव टांगणीला.

आपल्या शेजारच्या कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी १९२० मध्ये 'सैरंध्री' काढला. त्यातला कीचकवध इतका हुबेहूब होता, की तो बघून बायका बेशुद्ध पडल्याचं सांगतात. तिथं भीती पडद्यावर होती. 'सस्पेन्स'मध्ये मात्र बाईला कुणी हातही लावत नाही. पुढं काय होईल ते आपणच मनात रंगवतो आणि घाबरतो. माझंही तेच चाललं होतं.

शेवटी शेजारच्या काकांना फोन लावला. आणि काय सांगू, पडद्यावरच्या 'चोरा'नं खिशातून फोन काढून कानाला लावला!

"अरे, तुमच्याच दारात हाय मी. लाईट आली तशी मोटार सुरू झालीय, टाकी भरून वाहतीय. आई झोपली असंल, म्हटलं आपणच बंद करावी."

सकाळी आईला सांगितलं, तर ती हसायलाच लागली. "वीस वर्षं ह्याच फाटकातनं येतात ते. पोतं बघितलंस आणि माणूस ओळखला नाहीस होय?"

कॅमेरा काढलेला नाही. पण आता रोज रात्री नऊला आईला फोन करतो. काकांनाही अधूनमधून करतो, नुसतंच 'कसे आहात' विचारायला. तुमच्या गावाकडच्या शेजाऱ्यांशी शेवटचं कधी बोललात?