सूर्यास्तानंतर प्रवेश नाही

पुरातत्त्व खात्याची निळी पाटी तुम्ही कुठे ना कुठे वाचलीच असेल. स्मारक राष्ट्रीय महत्त्वाचं आहे, नासधूस केल्यास शिक्षा होईल, वगैरे. आणि वेळ बहुतेक ठिकाणी एकच : सूर्योदय ते सूर्यास्त. म्हणजे आठशे-हजार वर्षं उभ्या असलेल्या देवळाचं अर्धं आयुष्य आपल्याला बघायची परवानगी नाही. रात्री बघायचंच असेल तर दोन पर्याय शिल्लक राहतात. एक, कुलूप लावलेलं फाटक. दोन, लेझर शो. मला हे दोन्ही मान्य नाहीत, आणि या दोघांच्या मधल्या फटीत जो नवा धंदा उभा राहतोय तो तर अजिबातच नाही. त्या धंद्याचं नाव 'नाइट हेरिटेज टूर'.

मी मूळचा जालन्याचा. पुण्यात कोड लिहितो. मामाचं गाव भोकरदन तालुक्यात, त्यामुळे अन्व्याचं देऊळ मी लहानपणापासून पाहतोय. गेल्या हिवाळ्यात इन्स्टावर एक जाहिरात दिसली. संभाजीनगरहून एका दिवसाची सहल, सोबत गाइड, दिवसा अजिंठा आणि 'चांदण्यात प्राचीन अवशेष : अन्वा'. माणशी अठराशे रुपये. आपल्या मामाच्या तालुक्यातलं देऊळ कुणीतरी विकतंय म्हटल्यावर बघायला नको? टीममधल्या दोघांना घेऊन गेलो. कंपनीचं नाव सांगत नाही, कारण अशा कंपन्या आता डझनभर आहेत आणि सगळ्यांचं वेळापत्रक सारखंच आहे.

ते वेळापत्रक असं. सकाळी सातची गाडी आठला सुटते. अजिंठ्याला थेट लेण्यांपर्यंत गाडी जात नाही, फर्दापूरच्या टी पॉइंटला उतरून पुढचे चार किलोमीटर तिथल्या बसने जावं लागतं, त्यात रांग. मग तीन तासांत लेणी. मग जेवण. मग 'फक्त वीस मिनिटं' म्हणून एका दुकानात दीड तास, जिथे गाइडला चहा फुकट मिळतो आणि आपल्याला संगमरवरी हत्ती दाखवतात. अन्व्याला पोहोचलो तेव्हा पावणेआठ वाजले होते. फाटक अर्थातच बंद.

इथे माझ्या लक्षात आलं की अन्वा 'चांदण्यात' का आहे. ते दिवसा जमतच नाही म्हणून. आमच्या धंद्यात याला बगला फीचर म्हणून खपवणं म्हणतात. आणि चांदण्याचं म्हणाल तर त्या दिवशी तिथी होती वद्य सप्तमी. चंद्र उगवायला मध्यरात्र होणार होती, तोवर आम्ही संभाजीनगरात परत आलेलो असणार होतो.

मग कुंपणाबाहेर उभं राहून गाइडने एक जबरदस्त टॉर्च देवळावर मारला. ब्लूटूथ स्पीकरवर बासरी लावली. म्हणाला, हे हेमाडपंती मंदिर राक्षसांनी एका रात्रीत बांधलं, कोंबडा आरवला म्हणून कळस राहून गेला. इथे रात्री थांबलेला माणूस सकाळी दिसत नाही. मागे एका घराच्या ओट्यावर बसलेले म्हातारे बाबा हे सगळं ऐकत होते. ते म्हणाले, "मंग आम्ही कोण हावोत?"

सतरा जणांच्या त्या घोळक्यात त्या बाबांइतकं त्या देवळाबद्दल सांगू शकणारं दुसरं कुणी नव्हतं. पण त्यांना कुणी विचारलं नाही. गाइड पुढच्या भुताकडे वळला होता.

अन्व्याबद्दल सांगण्यासारखं इतकं आहे की भुतांची गरज पडू नये. अभ्यासक ते साधारण बाराव्या शतकातलं मानतात. हेमाडपंत, म्हणजे यादवांचा मंत्री हेमाद्री, तेराव्या शतकाच्या उत्तरार्धातला. म्हणजे ज्याच्या नावाने आपण हे देऊळ ओळखतो तो माणूस त्यानंतरचा. आज आत महादेव आहे, लोक याला मढ म्हणतात, पण बाहेरच्या भिंतींवर ओळीने उभ्या आहेत त्या विष्णूच्या शक्ती. हातात शंख, चक्र, गदा, पद्म, पण शरीर स्त्रीचं. मूळ देऊळ विष्णूचं असावं असं यावरूनच म्हटलं जातं. विष्णूच्या रूपांना स्त्रीरूपात, एवढ्या संख्येने, एका भिंतीवर कोरायचं कुणाच्या आणि का मनात आलं असेल? या एका प्रश्नावर कुणीही तास-दीड तास खिळवून ठेवू शकतं. आम्हाला मिळाला कोंबडा.

आता त्या टॉर्चबद्दल. तुमच्यापैकी ज्यांनी कधी युनिटी किंवा ब्लेंडर उघडलंय त्यांना हे एका वाक्यात कळेल : लाइट कॅमेऱ्याच्याच दिशेने मारला की पृष्ठभागाचे सगळे उंचसखल भाग सपाट होतात. दगडातली मूर्ती दिसते ती उजेडामुळे नव्हे, सावलीमुळे दिसते. नाकाची सावली गालावर पडली की नाक दिसतं. कंबरपट्ट्याची सावली मांडीवर पडली की कंबरपट्टा दिसतो. समोरून हजारो ल्युमेन ओतले की समोर एक पांढरा दगड उरतो. पर्यटनस्थळांवर जमिनीत पुरलेले जे रंगीत एलईडी फ्लडलाइट लावतात त्यांची गंमत याच्या उलट. ते खालून वर प्रकाश टाकतात, म्हणजे शिल्पकाराने ज्या दिशेचा विचारच केला नव्हता त्या दिशेने. सूर्य आणि चंद्र दोन्ही वरून किंवा बाजूने येतात. खालून उजेड पडलेला चेहरा फक्त भुताच्या सिनेमात असतो. मग गाइडने भुताची गोष्ट सांगितली तर त्याचं तरी काय चुकलं?

खरी गोष्ट अशी की पौर्णिमेचा चंद्र सूर्यास्ताच्या सुमारास उगवतो. सात-साडेसातला तो क्षितिजापासून फार वर नसतो. त्याचा प्रकाश भिंतीवर अंगालगत, तिरपा येतो. जो प्रकाश मिळवण्यासाठी फोटोग्राफर लोक स्टँड, सॉफ्टबॉक्स आणि दोन असिस्टंट घेऊन फिरतात तो महिन्यातून तीन-चार रात्री फुकट असतो. पूर्ण चंद्राचा उजेड असतो किती? साधारण पाव लक्स. रस्त्यावरच्या दिव्याखाली याच्या कितीतरी पट जास्त असतो. पण डोळ्याला वीस-तीस मिनिटं अंधारात दिली की तेवढ्यावर देऊळ दिसतं, पायऱ्या दिसतात, मूर्तींचे हात मोजता येतात. मधे कुणी एक रील काढायला फ्लॅश मारला की ती वीस मिनिटं शून्यावर. हे शिकवायला गाइड लागतो. 'आता सगळ्यांनी फोन खिशात ठेवा आणि थांबा' एवढं म्हणण्याची हिंमत असलेला गाइड.

रंग मात्र चांदण्यात दिसत नाहीत, आपल्या डोळ्याची रचनाच तशी आहे. म्हणून अजिंठा रात्री उघडा असं मी म्हणणार नाही. तिथली चित्रं नाजूक आहेत, त्यांच्यावर पडणारा प्रत्येक उजेड मोजूनमापून असायला हवा. मी बोलतोय ते उघड्यावरच्या दगडाबद्दल.

हा प्रश्न आपल्या एकट्याचा नाही. मेक्सिकोत माया लोकांचं चिचेन इत्झा आहे, तिथल्या पायरीपायरीच्या पिरॅमिडवर विषुवदिनाच्या दुपारी उन्हाचे त्रिकोण असे पडतात की जिन्यावरून साप उतरतोय असं वाटतं. सावलीचा एवढा सूक्ष्म विचार जिथे आहे, त्याच पिरॅमिडवर आता रात्री प्रोजेक्टरने रंगीत चित्रं फिरवतात आणि त्याचं वेगळं तिकीट असतं. आपल्याकडेही लाइट अँड साउंड शो म्हटलं की प्रत्येक आमदाराचे डोळे चमकतात, कारण त्याचं टेंडर निघतं. अंधाराचं टेंडर काढता येत नाही.

'रात्री सुरक्षित नाही' हा सगळ्यात लाडका आक्षेप. जालना जिल्ह्यात बसून हे ऐकताना मला हसावं की रडावं कळत नाही. अंगारकी चतुर्थीला जालन्याहून राजूरच्या गणपतीला लोक रात्रभर चालत जातात. बायका, लेकरं, म्हातारे. रस्त्याने चहा-फराळाचे मंडप, पोलीस बंदोबस्त, सगळं होतं. आणि शेतीची वीज? आठवड्यातले काही दिवस ती रात्रीच येते. माझा मामा थंडीत रात्री दोनला गव्हाला पाणी द्यायला जातो, हातात टॉर्च आणि काठी, पायाखाली साप असू शकतो. त्याला रात्री शेतात पाठवायला सरकारला काही वाटत नाही. त्याने पौर्णिमेला आठ वाजता देऊळ बघायचं म्हटलं की मात्र एकदम त्याच्या जिवाची काळजी.

दुसरा आक्षेप, चोरी होईल. ऑगस्ट २०२२ मध्ये घनसावंगी तालुक्यातल्या जांब समर्थमधून, समर्थ रामदासांच्या जन्मगावातून, राममंदिरातल्या जुन्या पंचधातूच्या मूर्ती चोरीला गेल्या. सगळा महाराष्ट्र हळहळला, विधिमंडळात आवाज उठला, पुढे पोलिसांनी मूर्ती शोधून आणल्या. ती चोरी गर्दीत झाली नव्हती. रात्री, कुणी नसताना झाली. रिकामं देऊळ सुरक्षित असतं हे गणित मला तरी कळलेलं नाही. मामाला विचारलं तर तो म्हणाला, "आरं, देवळात रातीचंच तर खरं काम असायचं. भजन, कीर्तन, शिवरात्रीचा जागर. गाव जागं असलं की चोराला कुठून जागा?"

राहिला नियमांचा मुद्दा. नियम बदलता येतात, बदललेही आहेत. ताजमहाल १९८४ मध्ये सुरक्षेच्या कारणाने रात्री बंद झाला होता, सर्वोच्च न्यायालयाच्या परवानगीने २००४ मध्ये पुन्हा उघडला. पौर्णिमेची रात्र, आधीच्या दोन आणि नंतरच्या दोन. शुक्रवार आणि रमजान वगळून. पन्नास-पन्नास जणांच्या तुकड्या, प्रत्येकीला अर्धा तास. देशातल्या सगळ्यात जास्त पहाऱ्यातल्या इमारतीला हे जमतं. २०१९ मध्ये केंद्र सरकारने दहा स्मारकं रात्री नऊपर्यंत खुली ठेवायचं जाहीर केलं, त्यात महाराष्ट्रातलं एक होतं. कोणतं? गडचिरोली जिल्ह्यातलं मार्कंडा. जिथे जायला मुंबईकराला दोन दिवस हवेत ते देऊळ यादीत येऊ शकतं, तर अन्वा का नाही?

मला फार काही नको आहे. महिन्यातून पाच रात्री, नऊपर्यंत. एका वेळी तीस माणसं. पायवाटेवर गुडघ्याखाली, जमिनीकडे तोंड केलेले पिवळसर मंद दिवे, भिंतीवर एकही नाही. नागपूरजवळच्या पेंच व्याघ्र प्रकल्पाला जानेवारी २०२४ मध्ये भारतातलं पहिलं 'डार्क स्काय पार्क' म्हणून मान्यता मिळाली, तिथे आसपासच्या गावांतले रस्त्यावरचे दिवेसुद्धा खाली वळवले गेले. म्हणजे अंधार जपायचं तंत्र याच राज्याच्या सरकारी माणसांना येतं. फक्त वाघापुरतं येतं.

आणि गाइड गावातला हवा. हा मुद्दा भावनेचा नाही. सहलीच्या अठराशे रुपयांतला एक रुपयाही त्या दिवशी अन्व्यात थांबला नाही. गाडी थांबली, टॉर्च मारला, गाडी गेली. साधा चहासुद्धा आम्ही हायवेवर प्यायलो. रात्रीची वेळ असेल तर माणसं जेवतील, काही मुक्काम करतील, गावात चार पोरांना काम मिळेल. डिग्री घेऊन पुण्यात येऊन माझ्यासारखं कोड लिहिणं हा एकच रस्ता उरणार नाही. दुसऱ्या दिवशी मग भोकरदन दाखवता येईल. पाँपेई हे रोमन शहर इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेत गाडलं गेलं, तिथे १९३८ मध्ये एक भारतीय हस्तिदंती मूर्ती सापडली. तिच्याशी जवळचं नातं सांगणारा हस्तिदंती मूर्तीचा तुकडा १९७३ च्या उत्खननात भोकरदनला मिळाला. भोकरदन म्हणजे जुनं भोगवर्धन, ज्या गावच्या लोकांनी सांचीच्या स्तूपाला दान दिल्याचे लेख तिथल्या दगडावर आहेत. पुढे असई आहे, जिथे २३ सप्टेंबर १८०३ ला वेलस्लीने शिंदे-भोसल्यांच्या फौजेला हरवलं. हाच पुढे वॉटर्लूवाला वेलिंग्टन. हे सगळं एका तालुक्याच्या आसपास आहे आणि सहलीची गाडी त्यावरून अंधारात, बासरी लावून, परत जाते.

तोवर अशी जाहिरात तुमच्या फीडवर आली, आणि ती येईलच, तर पैसे भरण्याआधी कमेंटमध्ये तीन गोष्टी विचारा. त्या दिवशी तिथी कोणती? फाटक उघडं असणार का? आणि गाइड कोणत्या गावचा?