कलामंदिरांतील वकील

वकिलाचा शिरकाव झाला आणि चित्रकला-चित्रपटांचें मंदिर बाटलें, असें म्हणणाऱ्या रसिकांना आमचा एकच प्रश्न आहे : कराराचा कागद तेथें प्रथम आणला कोणीं? नटाच्या वकिलानें खास नव्हे. मालकाच्या पदरच्या वकिलानें!

उदाहरण हॉलिवूडचेंच घ्या. अभिनेत्री ऑलिव्हिया डी हॅविलंड १९३६ सालीं वॉर्नर ब्रदर्सशीं सात वर्षांच्या करारानें बांधली गेली. भूमिका नाकारली कीं पगार बंद, आणि ते बंदीचे दिवस पुन्हां मुदतींत वाढवावयाचे! १९४३ मध्यें सात वर्षें भरलीं, तरी सुटका नाहीं. तेव्हां तिचे वकील मार्टिन गँग यांनीं कॅलिफोर्नियाच्या कायद्यावर बोट ठेविलें : सात वर्षें म्हणजे पंचांगांतलींच सात वर्षें. डिसेंबर १९४४ मध्यें अपील न्यायालयानेंही तोच अर्थ ग्राह्य धरला. एका नटीचा तो निकाल साऱ्या नटवर्गाची ढाल झाला.

मोकळ्या झालेल्या त्याच नटीनें १९४६ च्या 'टू ईच हिज ओन' मधील भूमिकेबद्दल ऑस्कर मिळविलें. वकिलानें कला बुडविली ती हीच काय?

वकील फी घेतो, हें खरें, वैद्यही घेतोच. म्हणून रोग्याला वैद्यावांचून ठेवा, असें कोणी म्हणत नाहीं!