बेबिंकेची यात्रा

आपल्या धर्मग्रामांतून गोव्याला निघणाऱ्या यात्रांच्या पत्रकांत अलीकडे एका नव्या मथळ्याची भर पडली आहे : ‘बेकरी-दर्शन’. दर्शन हा शब्द आपण आजवर कोठे योजत आलो याचा विसर पडल्यावाचून तो तेथे छापला गेला नसता. २१ नोव्हेंबर २०२४ ते ५ जानेवारी २०२५ या काळात जुन्या गोव्यात संत फ्रान्सिस झेवियर यांच्या पवित्र अवशेषांचे दशवार्षिक प्रदर्शन झाले, तेव्हा आमच्याही दोन बसगाड्या वसईहून निघाल्या. पत्रकात संतदर्शनाला दीड ओळ होती आणि बेकऱ्यांना सहा. मडगाव, पणजीचा फोंतेन्हास भाग, म्हापशाचा शुक्रवारचा बाजार. कोठे किती वाजता पोहोचायचे आणि कोठली बेबिंका ‘अस्सल’ हे सारे तपशीलवार दिलेले. मिस्साची वेळ मात्र ‘मागाहून कळवण्यात येईल’.

मला गोडाचे वावडे आहे असा तर्क कोणी करू नये. माझ्याकडे एकवार पाहिले तरी तो तर्क गळून पडेल. यात्रेत खाणेपिणे शिरले की धर्म बुडाला, असे मानणारे काही गुरुबंधू आहेत. त्यांच्याशी माझे जमत नाही. प्रभूने आपले पहिले चिन्ह लग्नघरात केले आणि तेही पंगतीची शोभा राखण्यासाठी, हे त्यांना मी वेळोवेळी ऐकवत आलो आहे. बेकरीपाशी बस थांबली याचे मला दुःख नाही. तेथे उतरून आपण जे ऐकले, जे खरे मानले आणि जे विचारलेच नाही, त्याविषयी मला भांडायचे आहे.

मोन्ते सांतो टेकडीवर, सांता मोनिका मठाच्या भिंतीपाशी, आमच्या मार्गदर्शकाने बेबिंकेची कथा सांगितली. ती बहुतेकांनी ऐकलेली असेल. या मठात बेबियाना नावाची एक धर्मभगिनी होती. तिने लिस्बनच्या आणि जुन्या गोव्याच्या सात टेकड्यांची आठवण म्हणून सात थरांचे एक पक्वान्न रचले. ते तिने धर्मगुरूंना चाखायला दिले. त्यांना ते आवडले, पण फारच लहान वाटले. म्हणून सातांचे सोळा थर झाले. भगिनीच्या नावावरून पदार्थाला बेबिंका म्हणू लागले. कथा संपली, मंडळी हसली आणि बसकडे वळली.

या कथेत धर्मगुरू खादाड ठरला याचे मला फारसे वाईट वाटत नाही. तेवढा अंश तर विश्वसनीय आहे. पण बाकीचे काय? फिलिपाईन्समध्ये ‘बिबिंका’ नावाचा तांदळाच्या पिठाचा केक आहे. नाताळापूर्वी १६ ते २४ डिसेंबर असे नऊ दिवस तेथे पहाटेची मिस्सा होते आणि मिस्साहून परतणारे लोक चर्चच्या दारात तो गरम गरम विकत घेतात. तोही खाली निखारे आणि वर निखारे ठेवून भाजतात. पोर्तुगीजांच्या मकावमध्येही नारळाच्या दुधाचा एक गोड पदार्थ याच नावाने ओळखला जातो. ज्या शब्दाचे सगेसोयरे मनिलापासून मकावपर्यंत पसरलेले आहेत, तो जुन्या गोव्यातील एका भगिनीच्या नावावरून निघाला असे म्हणणे म्हणजे नदीचा उगम आपल्याच अंगणातील नळात शोधणे होय. समुद्रमार्गाने माणसे फिरली, तसे शब्द आणि भांडीही फिरली. नाव आधीचे असावे आणि त्याला शोभेल अशी भगिनी मागाहून जन्माला घातली गेली असावी, असे माझे मत आहे.

‘फादर, गोड कथा आहे, असू द्या की,’ असे एका शिक्षक गृहस्थांनी मला बसमध्ये म्हटले. कथा कथा म्हणून असायला माझी हरकत नाही. ती इतिहासाच्या जागी जाऊन बसते आणि खऱ्या माणसांना उठवते, ही माझी तक्रार आहे. सांता मोनिका हा काही पक्वान्नांचा कारखाना नव्हता. महागुरू आलेइशो द मेनेझिस यांच्या पुढाकाराने १६०६ साली त्याची सुरुवात झाली. ऑगस्टीनच्या नियमाप्रमाणे चालणारा तो स्त्रियांचा मठ होता. त्याच्याकडे जमलेल्या संपत्तीवरून गोव्याच्या नगरसभेशी त्याचे कडाक्याचे वाद झाले. तेथे प्रार्थना होती, आजारपणे होती, जमीनजुमल्याचे हिशेब होते. आणि तेथे, त्या काळच्या रीतीप्रमाणे, दासी आणि गुलाम स्त्रियाही होत्या. समजा, बेबियाना नावाची भगिनी खरोखर होऊन गेली आणि कल्पना तिचीच होती. तरी त्या निखाऱ्यांपुढे तासन् तास उभे कोण राहिले असेल? तिचे नाव कोणत्याही मार्गदर्शकाच्या तोंडी येत नाही. १८३४ साली पोर्तुगालमध्ये पुरुषांचे संन्यस्त संघ विसर्जित झाले. स्त्रियांच्या मठांत नव्या उमेदवारांना बंदी करण्यात आली. पोर्तुगीज सत्तेखालील गोव्यालाही त्याची झळ पोहोचली. आत असलेल्या भगिनी म्हाताऱ्या होत गेल्या आणि एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात सांता मोनिका ओस पडला. एका मोठ्या समूहाचे असे हळूहळू विझणे ज्या भिंतींनी पाहिले, त्यांच्यापुढे उभे राहून आम्ही टेकड्या मोजल्या. त्याच वास्तूत आज ख्रिस्ती कलेचे संग्रहालय आहे. आमच्या शंभरावर यात्रेकरूंपैकी अकरा जण आत गेले. उरलेल्यांना पणजी गाठायची होती.

आता पदार्थाकडे येतो, कारण माझा मुख्य मुद्दा त्याच्या भाजण्यात आहे. बेबिंकेत दुर्मिळ असे काही नाही. नारळाचे घट्ट दूध, साखर, थोडा मैदा, अंड्यांचे दहा-बारा बलक, तूप, जायफळ. वसईच्या कोणत्याही घरात हे सारे सापडेल. अवघड आहे तो थर. भांड्यात तूप तापवून पळीभर मिश्रण ओतायचे. झाकणावर करवंट्यांचे निखारे ठेवायचे, कारण उष्णता वरूनच मिळाली पाहिजे, खालून मिळाली तर तळ करपतो. पंधरा-वीस मिनिटांनी झाकण उचलायचे. वरची बाजू तांबूस झाली असेल तर पुन्हा तूप, पुन्हा मिश्रण, पुन्हा निखारे. घाई केली तर दोन थर एकमेकांत मिसळतात. क्षणभर दुर्लक्ष झाले तर एक थर जळतो आणि त्याचा कडवटपणा वरच्या साऱ्या थरांना लागतो. सात थरांना दुपार जाते. सोळा थरांचे गणित वाचकांनी स्वतः करावे. थोडक्यात, बेबिंकेत सर्वांत महाग जिन्नस पडतो तो कोणा तरी बाईचा वेळ, आणि तोही बसून घालवलेला नव्हे, धगीपुढे उभ्याने घालवलेला. विजेच्या भट्टीने निखारे उचलण्याचे कष्ट वाचवले, ही चांगलीच गोष्ट झाली. परंतु भट्टीलाही एकेक थर वेगळाच भाजावा लागतो.

येथे मला माझीच एक चूक सांगितली पाहिजे. काही वर्षांपूर्वी आगमनकाळातील एका प्रवचनात मी मातांना चार शब्द सुनावले होते. पूर्वी घराघरांत नाताळाचा फराळ होत असे, आता डबे दुकानातून येतात, घराचे घरपण हरपत चालले आहे, वगैरे वगैरे. बोलताना मी फार रंगलो होतो. मिस्सानंतर एक प्रौढ बाई वेदीमागील खोलीच्या दाराशी आल्या. म्हणाल्या, ‘फादर, राग मानू नका. माझी आई दोदोलाच्या कढईपुढे सकाळी उभी राहायची ती दुपारपर्यंत. हात थांबला तर बुडाला लागतं. मध्यरात्रीच्या मिस्साला ती पेंगायची म्हणून आम्ही पोरं तिला हसायचो. त्या वेळच्या फादरांनी तिला कधी विचारलं नाही, की बाई, तू दमलीस का? ते दोदोल मात्र त्यांच्याही घरी पोचायचं.’ मी काहीतरी गुळमुळीत उत्तर दिले. त्या वर्षी माझ्याकडे आलेल्या ताटांवर नजर टाकताना मला प्रथमच वाटले, की हे सारे मी भेट म्हणून स्वीकारीत आलो, मजुरी म्हणून त्याचा विचार कधी केला नाही.

म्हणून ‘घरी करा, विकत घेऊ नका’ असा उपदेश करणाऱ्यांच्या गटात मी आता नाही. ज्यांच्या घरी आनंदाने होते, त्यांच्या घरी जरूर होवो. इतरांनी खुशाल विकत घ्यावे. पण विकत घेणे म्हणजे काय, याचा हिशेब आपण सरळ ठेवावा. म्हापशाच्या बाजारात घरची बेबिंका घेऊन बसलेल्या एका वृद्धेशी आमच्या एका यात्रेकरूने पन्नास रुपयांसाठी घासाघीस केली. हे गृहस्थ चांगल्या पगारावर निवृत्त झालेले आहेत आणि देणग्या देण्यात मागे नसतात. त्या बाईने अखेरीस पन्नास रुपये सोडले. मग बसमध्ये तीच बेबिंका सर्वांना एकेक फोड वाटून त्यांनी तिच्या ‘वारशा’वर पाच मिनिटे भाषण केले! सोळा थरांसाठी ती बाई किती तास उभी राहिली, हे त्यांनी तिला विचारले असते तर भाव करायला त्यांची जीभ उचलली नसती, असे मला अजूनही वाटते. माणूस ते मनाने वाईट नाहीत.

ज्यांना पन्नास रुपये स्वस्त बेबिंका हवी आहे त्यांना ती मिळतेही. तुपाच्या जागी वनस्पती, नारळाच्या दुधात पाणी, जायफळाच्या जागी अर्क, आणि थर इतके जाड की सातांचे चार व्हावेत. ही बेबिंका बनवणाऱ्याला मी एकट्याला दोष देणार नाही. भाव आपण पाडला. त्याने थर पाडले. त्यानंतर आपणच पुढच्या यात्रेच्या पत्रकात ‘अस्सल कोठे मिळते’ याची यादी छापतो.

२०२३ साली गोव्याच्या बेबिंकेला भौगोलिक मानांकन मिळाले, याचा अनेकांना अभिमान वाटला आणि मलाही वाटला. या मानांकनाने नाव राखले जाते. भलत्याच प्रांतात बनवलेल्या वड्यांवर ‘गोव्याची बेबिंका’ असे छापता येत नाही. परंतु ज्या हातांमुळे त्या नावाला किंमत आली, त्या हातांना चार पैसे अधिक मिळतील अशी सोय त्या कागदात आपोआप होत नाही. ती गिऱ्हाइकानेच करायची असते. आणि गिऱ्हाईक म्हणजे आपण, दोन बसगाड्या भरून.

वसईला परतल्यावर यात्रा समितीच्या बैठकीत मी हे सारे बोललो. काहींना ते पटले, काहींना फादर उगाच लहानसहान गोष्टी उकरून काढतात असे वाटले. कोषाध्यक्षांनी तर मला सरळ विचारले, की मग पुढच्या वेळी बेकऱ्या वगळायच्या का? मी नाही म्हटले. पुढच्या पत्रकासाठी मी इतकेच सुचवले आहे : मिस्साची वेळ सर्वांत वर छापावी, सांता मोनिकाच्या संग्रहालयाला पुरता एक तास द्यावा, बेकऱ्यांच्या यादीतून चार नावे कमी करून त्या जागी घरी बेबिंका करणाऱ्या दोन बायांकडे आगाऊ मागणी नोंदवावी, त्या सांगतील त्या भावाने आणि निम्मे पैसे आधी देऊन. समितीने पहिल्या दोन सूचना मान्य केल्या. तिसरीवर अजून चर्चा चालू आहे. घासाघीस करणारे गृहस्थही समितीवर आहेत आणि त्यांचे म्हणणे असे, की आगाऊ पैसे देण्याआधी निदान नमुना तरी चाखायला मिळावा.