कॅमेरा कोणाचा, गोष्ट कोणाची?
सरकार कॅनडाच्या फोगो बेटावरच्या मच्छीमारांना दुसरीकडे हलवायच्या विचारात होतं, तेव्हा १९६७ साली दिग्दर्शक कॉलिन लो तिथे गेले. चित्रित केलेलं ते आधी बेटवासीयांनाच दाखवत. त्यांनी होकार दिला की मगच ते बाहेर जाई. विखुरलेल्या वस्त्यांनी पडद्यावर एकमेकांची गाऱ्हाणी ऐकली, पुढे सहकारी संस्था काढली आणि बेट सोडलं नाही. (श्रेय एकट्या चित्रपटांचं नव्हे, हेही खरं.) आज खिशाखिशात कॅमेरा आहे, पण काय ठेवायचं, काय कापायचं हे समोरच्या माणसाला क्वचितच विचारलं जातं. म्हणून या अंकात आम्ही दिग्दर्शकांइतकंच त्यांच्या माहितीपटांतल्या माणसांनाही बोलतं केलं आहे. तुमच्या वस्तीवर कोणी माहितीपट केला असेल, तर तो तुम्हाला दाखवला का, हे आम्हाला जरूर कळवा.