राज्य माझं होतं ना?

मास्टर ऑफ ओरायन ३ यास,

२००३च्या फेब्रुवारीत तू संगणकावरचा नवा खेळ म्हणून आलास, तेव्हा तुला पारखून घ्यायचं आमच्या मनातही आलं नाही. तुझे थोरले दोघे, १९९३चा आणि १९९६चा, आमच्या घरचेच झाले होते. त्यांच्या नावावर तुला विश्वास उधार मिळाला. त्याचं काय केलंस?

बुलराथी कुठे गेले? ती दांडगी अस्वलं, ते मर्शान, ते अल्कारी? थोरल्यांच्या खेळातल्या या परग्रही जातींना, घरच्याच माणसांना, बाहेर काढलंस, आम्हाला विचारलंसुद्धा नाहीस.

आणि दिलेला शब्द? साम्राज्य उभारायच्या या जातीच्या खेळांना 'फोर एक्स' हे नाव देणारा अ‍ॅलन एमरिच तुझी आखणी करत होता. सम्राटाला एका टर्नमध्ये मोजकेच हुकूम देता येतील, बाकीचं संगणकानं चालवलेले सुभेदार बघतील, असं ठरलं होतं ना? एवढ्या ग्रहांचा धनी सगळीकडे कसा पुरा पडणार? लक्ष कुठे घालायचं, हाच खेळ. मला ते फार पटलं होतं.

मग तू बाजारात यायच्या आधीच एमरिच गेला, हुकुमांची मर्यादाही गेली. सुभेदार तेवढे राहिले.

त्यांचा कारभार आठवतो? मी एखाद्या ग्रहावर काय बांधायचं ते ठरवावं, टर्न संपवावा, परत येऊन बघावं तर यादीत साहेबांनी आपलंच काहीतरी घुसवलेलं. मग सम्राट कोण, मी की तो? शेजारचे सम्राट तर आज तह करायचे, उद्या युद्ध पुकारायचे आणि सीमेवर फिरकायचेही नाहीत.

तरी सोडलं नाही तुला. इथे कपिलधारला कार्तिकात मन्मथस्वामींची यात्रा भरते, घर पाहुण्यांनी भरलेलं असतं. त्यांना चहा विचारायचा सोडून मी तुझे टर्न दाबत बसायचो. भारनियमनात वीज गेली की अर्धं साम्राज्य जायचं, आणि वीज आली की मी पुन्हा हजर. (घरच्यांचं बोलणं इथे लिहिण्यासारखं नाही.)

तुझे तक्ते उघडून खेळणाऱ्यांनीच आकडे दुरुस्त केले. ते काम कोणाचं होतं?

२०१६ला तुमच्या नावानं आणखी एक आला. तो तुला वळसा घालून थोरल्यांच्या वळणावर गेला. त्याला बोल लावत नाही.

नुसताच वाईट निघाला असतास तर केव्हाच विसरलो असतो. पण हुकुमांची मर्यादा काढलीसच, तर मग सुभेदार कशाला ठेवलेस रे?